पाणी गोठू नये, पाणी तापू नये



थंडी सुरू झाली, की चोपड्यात पहाटे शापोरा नदीवर धुके उतरते आणि बालवर्गातली मुले स्वेटर घालून येऊ लागतात. आपली थंडी एवढीच. पारा पंधरा अंशांच्या खाली जाण्याची वेळ आपल्यावर क्वचितच येते. गोठ्यातल्या डोणीचे पाणी रात्रीतून दगडासारखे घट्ट झाले आहे आणि सकाळी गाय त्यावर नुसते नाक घासते आहे, असे दृश्य आपण कधी पाहिलेले नाही. परंतु ज्या प्रदेशात हे दरवर्षी घडते, तेथील लोकांनी त्यावर जे उपाय शोधले, त्यांत आपल्या कामाचे पुष्कळ आहे. या अंकात त्याच विषयाचा एक पाठ मांडत आहोत.

विषय निवडण्याचे कारणही सांगतो. पहिल्या तासाला उशिरा येणाऱ्या मुलांना आम्ही कारण विचारतो, तेव्हा त्यांच्यापैकी काही जण सांगतात, "सर, गुरांना पाणी दाखवून आलो." कारण खरे असते. विहिरीवरून कळशा-बादल्या भरून दोन-तीन जनावरांना पाणी द्यायचे, म्हणजे अर्धा-पाऊण तास सहज जातो. गाईला तहान लागते, ती शाळेची घंटा पाहून लागत नाही. म्हणून काही पालक आता गोठ्यात स्वतःहून भरणारी पाण्याची भांडी बसवण्याचा विचार करतात. विचार चांगला आहे. पण भांडे बसवून चार पैसे खर्च केले आणि जनावर पाणी पिईनासे झाले, तर दूधही गेले आणि पैसेही गेले. तेव्हा भांडे बसवण्याआधी त्यामागचे विज्ञान समजून घेणे बरे. आपल्या शाळेतील बरीच मुले पुढे विज्ञान इंग्रजीतून शिकतात. त्यांना मराठी संज्ञाही ठाऊक असाव्यात, म्हणून त्या येथे मुद्दाम वापरल्या आहेत.

भांडे आपोआप कसे भरते?

अशा भांड्यांचे मुख्य प्रकार दोन. पहिल्यात आपल्या घरच्या टाकीत असतो तसा बॉलकॉक असतो. पाणी खाली गेले, की तरंगणारा गोळा खाली येतो, झडप उघडते आणि पाणी येते. पातळी वर आली, की गोळा वर जातो आणि झडप मिटते. दुसऱ्या प्रकारात छोट्या वाडग्याच्या आत एक पट्टी असते. गाय पाणी पिण्यासाठी तोंड घालते, तिच्या नाकाने पट्टी दाबली जाते आणि पाणी येते. तोंड काढले, की पाणी बंद. दोन्हींत वीज लागत नाही. लागतो तो टाकीच्या उंचीमुळे मिळणारा दाब.

गाईला पाणी किती लागते, हेही पाहू. दुधात सुमारे ८७ टक्के पाणी असते. दुभत्या संकरित गाईला दिवसाला साठ लिटर आणि उकाड्यात शंभर लिटरपर्यंतही पाणी लागते. आपली गोव्याची छोटी पांढरी 'श्वेत कपिला' गाय तीस-चाळीस लिटरांत भागवते. या गाईची नोंद आता देशातील मान्यताप्राप्त जातींमध्ये झालेली आहे. गाय पाणी सावकाश घोट घोट पीत नाही. तहानलेली असली, की मिनिटाला दहा लिटर आणि कधी त्याहून अधिक पाणी ओढते. हे आकडे लक्षात ठेवा, पुढे लागतील.

पाणी गोठते म्हणजे काय होते?

पाण्याचे तीन गुणधर्म येथे महत्त्वाचे आहेत.

पहिला : बहुतेक पदार्थ थंड होताना आकुंचन पावतात. पाणी मात्र ४ अंश सेल्सिअसपर्यंतच आकुंचन पावते आणि त्याखाली पुन्हा प्रसरण पावू लागते. यालाच 'पाण्याचे असंगत आचरण' म्हणतात. त्यामुळे ४ अंशांचे जड पाणी तळाशी राहते, त्याहून थंड पाणी वर येते आणि बर्फ नेहमी वरून धरतो. जाड बर्फाखालच्या तळ्यात मासे जगतात ते याच गुणामुळे.

दुसरा : पाण्याचा बर्फ होताना आकारमान सुमारे ९ टक्क्यांनी वाढते. शंभर लिटर पाण्याच्या बर्फाला जवळजवळ एकशे नऊ लिटरांची जागा हवी. उघड्या भांड्यात हा बर्फ वर फुगतो. बंद नळीत फुगायला जागा नसते, म्हणून नळी फुटते. पितळेची झडपसुद्धा तडकते.

तिसरा : शून्य अंशाला पोचलेले पाणी लगेच बर्फ होत नाही. त्याला आणखी उष्णता बाहेर टाकावी लागते. ही 'अप्रकट उष्मा'. हिंदी पुस्तकांत तिला 'गुप्त ऊष्मा' म्हणतात आणि आमचे शिक्षण पदवीपर्यंत हिंदी माध्यमातून झाल्यामुळे तोच शब्द अजून आमच्या तोंडी आधी येतो. एक लिटर पाणी एका अंशाने थंड होताना एक किलोकॅलरी उष्णता सोडते. तेच एक लिटर पाणी शून्य अंशाला गोठताना ८० किलोकॅलरी सोडते.

आता गणित करू. दोनशे लिटरच्या पिंपात १० अंशांचे पाणी आहे. ते शून्यापर्यंत येण्यासाठी २०० × १० = २,००० किलोकॅलरी बाहेर जावी लागते. पूर्ण गोठण्यासाठी आणखी २०० × ८० = १६,००० किलोकॅलरी. म्हणजे भरलेले पिंप गोठायला पुष्कळ वेळ लागतो. याउलट अर्ध्या इंची नळीत एका मीटर लांबीत साधारण १२५ मिलिलिटरच पाणी मावते. शंभर फूट नळी घेतली, तरी आतले पाणी चार लिटरांच्या आत. एवढ्याशा पाण्याजवळ उष्णतेची शिल्लक ती किती! म्हणून थंड प्रदेशात पिंप अजून पाण्याने भरलेले असते, तेव्हाच नळी आणि झडप गोठून बसलेली असते. पहिला निष्कर्ष हा, की नडते ती नळी. टाकीचा दोष कमी असतो.

निफाडची पहाट आणि अलाहाबादचा बर्फ

गोठण्याचे उदाहरण शोधायला फार लांब जायला नको. नाशिक जिल्ह्यातील निफाड येथे डिसेंबर २०१८ च्या अखेरीस पारा दोन अंशांच्याही खाली उतरला होता. द्राक्षबागाईतदार अशा रात्री जागून काढतात. बागेत शेकोट्या पेटवतात आणि पहाटे ठिबकमधून विहिरीचे पाणी सोडतात. महाबळेश्वरला वेण्णा तलावाच्या काठी गवतावरचे दवबिंदू गोठून पांढरे हिमकण होतात, त्याची छायाचित्रे वर्तमानपत्रांत तुम्ही पाहिली असतील.

येथे शब्दांची एक गंमत सांगतो. हिंदीत 'पाला पडला' म्हटले, की शेतकऱ्याच्या पोटात गोळा येतो, कारण तेथे पाला म्हणजे पिके जाळणारे हिमकण. मराठीत पाला म्हणजे झाडाची पाने, आणि तो पडला तर अंगण झाडायचे काम वाढते, एवढेच. शब्द एक, पण देश बदलला की अर्थ बदलतो.

आता प्रश्न असा, की हवेचा पारा दोन-तीन अंशांवर असताना दव गोठते कसे? कारण निरभ्र रात्री जमीन आणि तिच्यावरच्या वस्तू आपली उष्णता थेट आकाशाकडे सोडत राहतात. याला प्रारण म्हणतात. वारा पडलेला असेल, तर गवताचे पाते त्याच्या भोवतालच्या हवेपेक्षाही थंड होते.

आपल्या देशातील लोकांनी ही गोष्ट यंत्रे येण्यापूर्वीच कामाला लावली होती. अलाहाबाद, म्हणजे आजचे प्रयागराज, या भागात हिवाळ्यात बर्फ तयार करीत. जमिनीत साधारण दोन फूट खोल चौकोनी खड्डे खणत. तळाशी उसाची वाळलेली चिपाडे आणि मक्याची ताटे पसरून त्यांवर मातीची उथळ, सच्छिद्र भांडी ओळीने मांडत. संध्याकाळी त्यांत पाणी भरत आणि सूर्योदयापूर्वी बर्फ काढून घेत. सर रॉबर्ट बार्कर या इंग्रज अधिकाऱ्याने १७७५ मध्ये लंडनच्या रॉयल सोसायटीच्या नियतकालिकात या पद्धतीचे वर्णन छापले आहे. उथळ भांडे, वर उघडे आकाश, खाली जमिनीची ऊब अडवणारे गवत आणि सच्छिद्र मातीतून होणारे बाष्पीभवन, या चार गोष्टींनी ते काम साधत होते.

ज्याला बर्फ नको आहे, त्याने याच्या नेमके उलट करावे. भांडे खोल ठेवावे, वर झाकण घालावे आणि जमिनीची ऊब अडवण्याऐवजी ती भांड्यापर्यंत येऊ द्यावी. दुसरा निष्कर्ष हा.

थंड देशांतले उपाय

काश्मीरमध्ये २१ डिसेंबरपासून पुढच्या चाळीस दिवसांच्या कडक थंडीला 'चिल्ला-ए-कलां' म्हणतात. त्या दिवसांत श्रीनगरमध्ये घरांचे नळ गोठतात आणि लोक सकाळी नळाशेजारी कागद-गवत पेटवून ते मोकळे करतात. लडाखमध्ये थंडी त्याहून कडक. तेथे अलीकडे घरोघरी नळ देताना जलवाहिन्या जमीन गोठते त्या पातळीच्या खाली पुरण्यावर भर देण्यात आला.

जमीन गोठते ती पातळी म्हणजे काय? थंडी जमिनीत वरून आत शिरते, पण जसजसे खाली जावे तसतसा तिचा जोर ओसरतो. एका ठराविक खोलीखाली माती कधीच गोठत नाही. कॅनडाच्या मैदानी प्रदेशात ही खोली सहा फुटांच्या आसपास जाते, म्हणून तेथे पाण्याच्या नळ्या सात-आठ फूट खाली पुरतात. तेथील गुरांचे भांडे असे असते : दुहेरी भिंतीचे, मध्ये फोम भरलेले प्लॅस्टिकचे शरीर. ते काँक्रीटच्या ओट्यावर घट्ट बसवलेले. ओट्याखाली एक रुंद, पोकळ नळा थेट न गोठणाऱ्या मातीपर्यंत गेलेला. पाण्याची नळी त्या पोकळीतून वर येते आणि खालच्या मातीची ऊब तिच्याबरोबर वर येत राहते. भांड्याच्या तोंडावर एक मोठा तरंगता चेंडू असतो. गाय नाकाने तो खाली ढकलते, पाणी पिते आणि तोंड काढले, की चेंडू वर येऊन तोंड बंद करतो. अशा भांड्याला विजेची गरज नसते.

पण त्याची एक अट आहे. पुरेशी गुरे त्यावर पाणी प्यायला हवीत. प्रत्येक वेळी गाय पाणी पिते, तेव्हा जमिनीखालचे तुलनेने उबदार नवे पाणी वर येते. चाळीस गुरांसाठी केलेल्या भांड्यावर दोनच गाई असतील, तर पाणी पडून राहते आणि गोठते. नवीन जनावराला चेंडू ढकलायचा असतो हे ठाऊक नसते. म्हणून पहिले काही दिवस तोंड उघडे ठेवून त्याला शिकवावे लागते.

दुसरा उपाय विजेच्या हीटरचा. एक किलोवॅटचा हीटर तासाला एक युनिट वीज घेऊन सुमारे ८६० किलोकॅलरी उष्णता देतो. वरच्या हिशेबाने त्या उष्णतेत शून्य अंशाचा पावणेअकरा किलो बर्फच वितळतो. यावरून समजेल, की बर्फ धरल्यावर वितळवणे महाग आणि आधीच ऊब राखणे स्वस्त. तिसरा उपाय म्हणजे पाणी बारीक धारेने सतत वाहते ठेवणे. हा जेथे झरा आहे तेथेच परवडतो, शिवाय सांडलेल्या पाण्याचा बर्फ होऊन गुरांचे पाय घसरणार नाहीत हे पाहावे लागते.

तेथील अंगणातला नळही हुशारीचा असतो. दांडा वर, पण झडप सहा-सात फूट खाली. नळ बंद केला, की उभ्या नळीतले उरलेले पाणी तळाच्या खडीत निथळून जाते. वर पाणीच शिल्लक नाही, तर गोठणार काय?

एक धोक्याची सूचना. मोटारीच्या रेडिएटरमध्ये गोठू नये म्हणून जे रसायन घालतात, ते चवीला गोड पण जहाल विषारी असते. गुरांच्या पाण्याजवळ ते कधीही येता कामा नये.

मग चोपड्यात याचे काय?

आपल्याकडे बर्फ नाही, पण ऊन आहे. मार्च ते मे या महिन्यांत कातळावर पडलेल्या काळ्या नळीला दुपारी हात लावून पाहा, चटका बसतो. टाकीपासून गोठ्यापर्यंत शंभर फूट अर्ध्या इंची नळी उघड्यावर असेल, तर त्यातले ते चार लिटर पाणी कढत होऊन बसलेले असते. दुपारी गाय वाडग्यात नाक घालते, पट्टी दाबते आणि हे कढत पाणी तिच्या तोंडावर येते. ती तोंड बाजूला घेते. पुढचे पाणी गार असेल हे तिला कसे कळावे? दोन-चार वेळा असे झाले, की ती त्या भांड्याकडे फिरकत नाही. संध्याकाळी दूध कमी निघते आणि आपण पेंडीला दोष देतो.

बर्फाळ प्रदेशात नळी थोड्या पाण्यामुळे लवकर गोठते. आपल्याकडे तीच नळी त्याच कारणाने लवकर तापते. दोन्ही ठिकाणी उपायही एकच, तो म्हणजे जमीन. विहिरीचे पाणी थंडीतल्या पहाटे कोमट लागते आणि उन्हाळ्यातल्या दुपारी गार लागते, हे आजीने तुम्हाला सांगितले असेल. प्रत्यक्षात विहिरीच्या पाण्याचे तापमान वर्षभर फारसे बदलत नाही. बदलते ती बाहेरची हवा आणि आपल्या हाताची जाणीव. जमीन दिवसाचा ताप आणि रात्रीची थंडी दोन्ही वरच्या वर अडवते.

आपले काम कॅनडातील शेतकऱ्यापेक्षा पुष्कळ सोपे आहे. त्याला सगळ्या हिवाळ्याशी झगडायचे असते, म्हणून सात-आठ फूट खणावे लागते. आपल्याला एका दिवसाच्या उन्हापासून वाचायचे आहे आणि दिवसाचा ताप जमिनीत साधारण दीड फुटापर्यंतच पोचतो. तेव्हा दीड फूट चर खणून नळी पुरली, तरी पुष्कळ झाले. जेथे चिऱ्याचा कातळ लागतो आणि कुदळ चालत नाही, तेथे नळी भिंतीच्या सावलीच्या बाजूने न्यावी, वर मातीचा बांध घालावा किंवा झावळ्यांनी झाकावी. टाकीवरही माडाच्या झावळ्यांचे छप्पर पुरते. त्याला खर्च नाही, श्रम तेवढे आहेत.

भांड्याचा आकारही बघावा. एका गाईसाठी पाचशे लिटरची उघडी टाकी बांधली, तर पाणी शिळे होते, शेवाळ धरते आणि डासांची पैदास होते. थंड देशात भांड्याचे पाणी सतत बदलते राहिले, की गोठत नाही. आपल्याकडे ते बदलते राहिले, की शिळे होत नाही. म्हणून भांडे लहान आणि ओघ मोठा असावा. ओघ मोजायची रीत सोपी आहे. दहा लिटरची बादली भांड्याच्या नळीखाली धरा आणि घड्याळ पाहा. एका मिनिटात भरली, तर उत्तम. तीन-चार मिनिटे लागली, तर गाय कंटाळून निघून जाईल. अशा वेळी टाकी उंच करावी किंवा नळी जाड घालावी.

आठवड्यातून एकदा भांडे पूर्ण रिकामे करून घासावे आणि उन्हात कोरडे करावे. डासांच्या अळ्या मरतात आणि डेंग्यूच्या दिवसांत घरातल्या माणसांचेही रक्षण होते. उंदरांचा वावर असलेल्या गोठ्यात तर हे अधिकच आवश्यक, कारण उंदरांच्या मूत्राने दूषित झालेल्या पाण्यातून लेप्टोस्पायरोसिस गुरांना होतो आणि माणसांनाही.

खारे पाणी

आपला गाव नदीच्या मुखाजवळ. भरतीचे पाणी शापोऱ्यातून आत येते, शेजारच्या आगरवाड्यात त्याच पाण्यावर मिठागरे चालत आली. काठच्या काही विहिरी उन्हाळ्यात मचूळ होतात. मीठ विरघळले, की पाण्याचा गोठणबिंदू खाली जातो. समुद्राचे पाणी शून्याला गोठत नाही, ते उणे दोन अंशांच्या जवळपास गोठते. म्हणून काही ठिकाणी लोकांना वाटते, की गुरांच्या पाण्यात मीठ घातले की काम झाले. ते चुकीचे आहे. गोठण लक्षणीय लांबवण्याइतके मीठ घातले, तर ते पाणी पिण्यासारखे राहत नाही.

एका लिटरमध्ये तीन ग्रॅमपर्यंत विरघळलेले क्षार असतील, तर मोठ्या गुरांना सहसा चालते. तीन ते पाच ग्रॅम असतील, तर जनावर सुरुवातीला नाखूश असते आणि शेण पातळ होऊ शकते. सातच्या वर गाभण आणि दुभत्या जनावरांना धोका. समुद्राच्या पाण्यात हेच प्रमाण सुमारे पस्तीस ग्रॅम असते. विहीर मचूळ होऊ लागली, की ते पाणी गोठा धुण्यापुरते ठेवावे आणि पिण्यासाठी नळाचे पाणी साठवावे. कालवा किंवा नळयोजना दुरुस्तीसाठी बंद राहते, त्या दिवसांसाठी प्रत्येक गाईमागे निदान दोन दिवसांचे पाणी झाकून ठेवलेले असावे.

विजेविषयी एक शब्द

पंप, दूध काढण्याचे यंत्र किंवा पंखा गोठ्यात असेल, तर अर्थिंग इलेक्ट्रिशियनकडून तपासून घ्यावे. ओल्या जमिनीवर उभी असलेली गाय लोखंडी भांड्याला नाक लावते, तेव्हा आपल्याला जाणवणार नाही इतका थोडा प्रवाहही तिला झोंबतो. पाणी स्वच्छ आहे, गार आहे, तरी गाय प्यायला जात नाही किंवा जीभ लावून मागे सरते, असे दिसले तर हे कारण आधी तपासावे. मुलांनी गोठ्यातल्या वायरींना हात लावू नये, हे आम्ही येथे पुन्हा बजावून सांगतो.

भांडे पाणी देईल, पण पाहणार कोण?

शेवटी आम्हाला जे मुख्य सांगायचे आहे ते असे. बादलीने पाणी देणाऱ्या मुलाला एक गोष्ट आपोआप कळते. रोज दोन बादल्या रिकाम्या करणाऱ्या गाईने आज अर्धीच प्यायली, हे त्याच्या लगेच लक्षात येते. तो आईला सांगतो, आई गाईच्या कानाला हात लावून पाहते आणि ताप वाढण्याआधी पशुवैद्यकाला निरोप जातो. आपोआप भरणारे भांडे नेहमी भरलेलेच दिसते. गाय प्यायली म्हणून भरले, की ती आलीच नाही म्हणून भरलेले राहिले, हे भांडे सांगत नाही. बर्फाळ देशातील शेतकरीही इतकी चांगली भांडी बसवून रोज सकाळी फेरी मारतो, चेंडू हलतो का पाहतो, झडप गोठली नाही ना याची खात्री करतो. न फिरणाऱ्याच्या गोठ्यात भांडे गोठले आहे, हे जनावर तहानेने हंबरल्यावरच समजते.

म्हणून पालकांना आमची विनंती आहे, की भांडे जरूर बसवावे. मुलांचा अर्धा तास वाचला, तर तो अभ्यासाला आणि झोपेला मिळेल, आम्हाला त्यात आनंदच आहे. पण त्यातली पाच मिनिटे गोठ्यासाठी राखून ठेवावी. पट्टी दाबून पाहावी, पाण्याला हात लावावा, प्रत्येक जनावराकडे एकदा नजर टाकावी. मुलांनो, हे काम कमीपणाचे समजू नका. ज्याला गाईची तहान ओळखता येते, त्याला पुढे माणसांचीही गरज ओळखता येते.

विश्वस्त मंडळापुढेही हाच विचार ठेवतो. गच्चीवरची टाकी आणि उन्हात असलेली नळी हा नियम शाळेच्या पाण्यालाही लागू आहे. उन्हाळ्यात मधल्या सुट्टीत मुले नळाला तोंड लावून लगेच मागे होतात, त्याचे कारण वरच्या गणितात आहे. उन्हाळा लागण्यापूर्वी शाळेच्या नळ्यांना आणि टाकीला सावली करून घ्यावी, एवढी आमची सूचना आहे.

करून पाहा

१. दोन सारख्या बाटल्यांत पाणी भरा. एक उन्हात जमिनीवर ठेवा, दुसरी दीड फूट खोल मातीत पुरा. दुपारी तीन वाजता दोन्हींचे तापमान तापमापीने मोजा.

२. फ्रिझरमध्ये प्लॅस्टिकच्या पारदर्शक पेल्यात पाणी ठेवा आणि पातळीवर खूण करा. दुसऱ्या दिवशी बर्फ खुणेच्या किती वर आला ते पाहा. काचेचा पेला वापरू नका. का, ते वहीत लिहा.

३. तुमच्या घरच्या किंवा शेजारच्या गाईने एका दिवसात किती बादल्या पाणी प्यायले, याची आठ दिवस नोंद ठेवा. उन्हाच्या दिवशी आणि ढगाळ दिवशी काय फरक पडतो?

४. गणित : गोठ्यात दहा गाई आहेत, प्रत्येकीला दिवसाला पन्नास लिटर पाणी लागते आणि नळ दोन दिवस बंद राहणार आहे. किती लिटरची टाकी हवी?

नोंदी वर्गशिक्षकांकडे द्याव्यात. निवडक नोंदी पुढील अंकात मुलांच्या नावांसह छापू.